एम्युलेटर म्हणजे चोरी नव्हे: एका फिरत्या संदेशाचा प्रतिवाद

जुन्या कन्सोल गेमबद्दलचा एक लांबलचक संदेश सध्या ग्रुपाग्रुपांतून फिरतो आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: एम्युलेटरवर, म्हणजे कन्सोलची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमवर, गेम चालवणं म्हणजे सरळ चोरी, आणि निन्टेन्डोने ‘यूझू’ हा एम्युलेटर बंद पाडून हे कोर्टात सिद्धही केलं. एम्युलेटर घेतला की मशीनमध्ये व्हायरस शिरतो. एवढं करूनही गेम मूळसारखा चालत नाही. आणि मुळात या उपद्व्यापाची गरजच नाही, कारण चांगले जुने गेम कंपन्या स्वतःच पुन्हा आणतात.

मी बरीच वर्षं माझ्याकडची कार्ट्रिज (गेमची चिप असलेल्या डब्या) आणि डिस्क वाचून त्यांच्या प्रती जपतो आहे. या संदेशात एक गोष्ट अर्धी खरी आहे, ती मी मान्य करतो. पण असले संदेश वाचून लोक स्वतःच्या पैशाने घेतलेले गेमसुद्धा हात न लावता कपाटात खराब होऊ देतात, हे मला बघवत नाही.

“एम्युलेटर चालवणं हाच गुन्हा, यूझूच्या खटल्यात ते सिद्ध झालं”

इथे तीन वेगळ्या गोष्टी एकत्र कालवल्या आहेत. एम्युलेटर म्हणजे जुन्या कन्सोलचा प्रोसेसर, चित्राची चिप, आवाजाची चिप हे सगळं जसं वागतं तसं वागणारा, नव्याने लिहिलेला प्रोग्रॅम. त्यात गेमचा एक बाइटही नसतो. रॉम म्हणजे कार्ट्रिजच्या चिपमधल्या मजकुराची प्रत, आणि त्या मजकुरावर गेम बनवणाऱ्याचा कॉपीराइट असतो. तिसरी गोष्ट बायोस: काही कन्सोल चालू केल्या केल्या आधी जो प्रोग्रॅम धावतो तो. पहिल्या प्लेस्टेशनचा बायोस ५१२ केबीचा आहे आणि तो सोनीचा आहे.

एम्युलेटरचा प्रश्न अमेरिकेच्या कोर्टात येऊन गेला आहे. कनेक्टिक्स कंपनीने १९९९ मध्ये मॅकवर प्लेस्टेशनचे गेम चालवणारा ‘व्हर्च्युअल गेम स्टेशन’ विकायला काढला. तो बनवताना त्यांनी सोनीच्या बायोसच्या प्रती करून त्याचा अभ्यास केला होता, पण विकलेल्या प्रोग्रॅममध्ये सोनीचा कोड नव्हता. सोनी कोर्टात गेली. २००० मध्ये अमेरिकेच्या नवव्या सर्किटच्या (विभागाच्या) अपील कोर्टाने कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला आणि अभ्यासासाठी केलेली ती प्रत ‘फेअर यूज’, म्हणजे परवानगीशिवायही चालणारा रास्त वापर, ठरवली. एम्युलेटर पैसे घेऊन विकला जात होता आणि ज्या कन्सोलची नक्कल होती ते तेव्हा बाजारात चालू होतं, तरीही निकाल हाच लागला.

आता यूझू. तो जुन्या कन्सोलचा नव्हे, निन्टेन्डोच्या स्विच या नव्या कन्सोलचा एम्युलेटर होता. निन्टेन्डोने फेब्रुवारी २०२४ मध्ये दावा लावला आणि पुढच्याच महिन्यात यूझूच्या मंडळींनी २४ लाख डॉलर देण्याचं कबूल करून तडजोड केली. सुनावणी होऊन वाद तडीस गेलाच नाही, त्यामुळे ‘सिद्ध झालं’ हे चूक. शिवाय निन्टेन्डोचा रोख गेमवरचं एन्क्रिप्शन (मजकूर सांकेतिक करून लावलेलं कुलूप) उलगडण्यावर होता. एनईएस या निन्टेन्डोच्या जुन्या कन्सोलच्या कार्ट्रिजमध्ये लॉकची चिप असे, पण ती फक्त कार्ट्रिज अधिकृत आहे का ते तपासायची. आतला मजकूर सांकेतिक नव्हता. पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्कचंही तेच: संरक्षण होतं, पण गेमची माहिती उघडीच होती. म्हणून यूझूचा दाखला या यंत्रांना जसाच्या तसा लावता येत नाही.

अर्धी खरी गोष्ट ती ही: दुसऱ्याने इंटरनेटवर चढवलेला रॉम उतरवून घेणं हे कॉपीराइटच्या विरोधातच आहे, आणि गेम तीस वर्षांचा झाला म्हणून त्यात फरक पडत नाही. “२४ तासांत डिलीट केलं तर चालतं” असा एक समज वर्षानुवर्षं पसरला आहे. अशी सवलत कोणत्याही कायद्यात नाही. “कंपनीने विकणं बंद केलं म्हणजे हक्क सोडला” हेही खोटं. स्वतःच्या कार्ट्रिजची प्रत स्वतःसाठी करणं कितपत चालतं हे देशादेशाच्या कायद्यावर अवलंबून आहे. मी फक्त माझ्या मालकीचं तेवढंच वाचतो आणि ते कुणाला देत नाही.

“एम्युलेटर म्हणजे व्हायरस”

मेम, डॉल्फिन, रेट्रोआर्क या एम्युलेशनच्या प्रोग्रॅमांचा सोर्स कोड उघडा आहे, कुणीही वाचू शकतो. धोका असतो तो रॉमच्या नावाखाली दिलेल्या प्रोग्रॅमचा. एनईएस किंवा गेम बॉयच्या गेमची फाइल कधीच डॉट ईएक्सई किंवा डॉट एपीके नसते, आणि विंडोज फाइलनावाचं शेपूट मुळात लपवून ठेवतं, ते आधी दिसतं करून घ्या. दुसरी काळजी: वर्षानुवर्षं सुधारणा न झालेला एम्युलेटर वापरू नका. झेडस्नेस या एम्युलेटरची शेवटची आवृत्ती २००७ ची, आणि मुद्दाम बिघडवलेल्या रॉममधून त्यात हवा तो कोड चालवता येतो हे पुढे २०१५ मध्ये दाखवलं गेलं.

“गेम मूळसारखा चालतच नाही”

या मुद्द्यावर मला सगळ्यात जास्त बोलायचं आहे, कारण इथे अनेकांचा पदरचा वाईट अनुभव असतो आणि त्यावरून काढलेला निष्कर्ष मात्र चुकीचा असतो.

सुपर निन्टेन्डो या कन्सोलचा प्रोसेसर जास्तीत जास्त ३.५८ मेगाहर्ट्झवर चालायचा. आजचा साधा फोन त्याच्या शेकडो पट वेगवान. मग अडचण कुठे येते? अडचण वेगात नसते, वेळेच्या मेळात असते. त्या यंत्रात मुख्य प्रोसेसर, चित्राच्या चिप आणि आवाजाचा स्वतंत्र प्रोसेसर एकाच वेळी आपापल्या तालावर चालतात आणि एकमेकांच्या कामात क्षणाक्षणाला हात घालतात. एम्युलेटरला हे सगळं एकामागून एक करून ‘एकाच वेळी’ झाल्यासारखं भासवावं लागतं. किती वारंवार थांबून सगळ्यांचा मेळ घालायचा, यावर अचूकपणा ठरतो. सुरुवातीचे एम्युलेटर कमकुवत मशीनवर पळावेत म्हणून मोठ्या ढांगा टाकत आणि मधल्या चुका एकेका गेमसाठी वेगळी मलमपट्टी करून झाकत. बीस्नेस या सुपर निन्टेन्डोच्या एम्युलेटरने उलट वाट धरली: मेळ अगदी बारीक पावलांनी घालायचा, कुठल्याही गेमसाठी खास तडजोड नाही. त्याची किंमत म्हणून २०११ च्या सुमाराला त्याला ३ गिगाहर्ट्झच्या घरातला प्रोसेसर लागत होता.

एवढा बारकावा कशाला, याचं माझं आवडतं उदाहरण ‘स्पीडी गोन्झालेस’ हा गेम. त्यात पुढच्या एका टप्प्यात गेममधलंच एक बटण दाबलं की जुन्या एम्युलेटरवर गेम जागच्या जागी गोठायचा. कारण गेममधल्याच एका चुकीमुळे तो अशा पत्त्यावरून वाचत होता जिथे काहीच जोडलेलं नाही. खऱ्या यंत्रात अशा वेळी तारांवर आधीचं मूल्य रेंगाळलेलं असतं, आणि चित्राच्या कामासाठी मध्येच होणाऱ्या हस्तांतरणाने ते बदलतं, म्हणून गेम सुटतो. म्हणजे गेममधली चूक खऱ्या यंत्रावर योगायोगाने निभावून जात होती, आणि तो योगायोगही एम्युलेटरला उभा करावा लागला. ज्यांनी हे शोधून काढलं त्यांच्या चिकाटीपुढे मी नतमस्तक आहे.

तुमच्याकडे गेम ‘वेगळा’ वाटत असेल तर बहुतेक वेळा कारण साधं असतं. सगळंच संथ वाटतंय का? रॉम युरोपातल्या पाल या टीव्ही पद्धतीचा असेल. तिथे सेकंदाला ५० फ्रेम (चित्रं) असत, ६० नव्हे, आणि अनेक गेम त्या प्रमाणात सुमारे १७ टक्के हळू चालत. चित्र अरुंद दिसतंय का? सुपर निन्टेन्डोचं २५६ बाय २२४ चं चित्र जुन्या टीव्हीवर ४:३ मध्ये ताणलं जायचं. तेच प्रमाण सेटिंगमध्ये निवडा. बटण दाबल्यावर उशीर होतोय का? आधी टीव्हीचा गेम मोड लावा. मग रेट्रोआर्कमधलं ‘रन-अहेड’ बघा. अनेक गेम मुळातच बटणाला एकदोन फ्रेम उशिरा प्रतिसाद देत. ही सोय पुढच्या फ्रेम पडद्याआड आधीच चालवून तो उशीर कापते. नीट बसवलं तर प्रतिसाद मूळ यंत्रापेक्षाही लवकर मिळू शकतो.

“चांगले जुने गेम कंपन्या स्वतःच आणतात”

काही आणतात, आणि कशावर चालवतात ते पाहा. २०१६ चा एनईएस क्लासिक हा निन्टेन्डोचाच छोटा कन्सोल म्हणजे लिनक्सवर चालणारा एम्युलेटर. २०१८ च्या प्लेस्टेशन क्लासिकमध्ये तर सोनीने पीसीएसएक्स रीआर्म्ड हा स्वयंसेवकांनी लिहिलेला, उघड्या कोडचा एम्युलेटर वापरला, आणि त्यातल्या काही गेमच्या प्रती वर सांगितलेल्या ५० फ्रेमवाल्या पाल पद्धतीच्या होत्या. जे तंत्र कंपनी स्वतः विकते ते तुमच्या हातात आलं की चोरी कसं होतं?

उरलेल्या गेमचं काय? व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये अभ्यास प्रसिद्ध केला: २०१० पूर्वी अमेरिकेत आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळत नाहीत. त्याच वर्षी मार्चमध्ये निन्टेन्डोच्या थ्रीडीएस आणि वी यू या कन्सोलच्या ऑनलाइन दुकानांतली विक्री बंद झाली. ग्रंथालयांनी असे गेम अभ्यासकांना दूरून वापरायला देण्याची परवानगी मागितली, तीही अमेरिकेच्या कॉपीराइट ऑफिसने ऑक्टोबर २०२४ मध्ये नाकारली.

दरम्यान वस्तू झिजत असतात. अनेक कार्ट्रिजमध्ये सेव्ह, म्हणजे गेम कुठवर खेळला त्याची नोंद, एका छोट्या लिथियम बॅटरीवर टिकून असते. माझ्या एका कार्ट्रिजची बॅटरी संपली आणि लहानपणी महिनोन्‌महिने खेळून उभी केलेली सेव्ह एका दिवसात नाहीशी झाली. ती परत येणार नाही. म्हणून कार्ट्रिज वाचायच्या उपकरणावर लावलंत की आधी सेव्हची प्रत करून घ्या, रॉमची नंतर. बॅटरी बदलायची ती त्याच्याही नंतर, कारण ती काढताच सेव्ह पुसली जाते. रॉम दोनदा वाचा आणि दोन्हींचे चेकसम (फाइलच्या मजकुरावरून काढलेले पडताळणीचे आकडे) जुळतात का पाहा. कार्ट्रिजसाठी नो-इंट्रो आणि डिस्कसाठी रीडम्प या प्रकल्पांच्या अचूक प्रतींच्या याद्यांशी ते ताडून बघता येतात. प्लेस्टेशनची डिस्क वाचली तर बिन आणि क्यू अशा दोन फाइल मिळतात. बिनचं नाव बदललंत तर क्यूच्या आतलं नावही बदला, नाहीतर गेम उघडतच नाही. आणि कार्ट्रिजमधून काढलेली सेव्ह रॉमच्याच नावाने एम्युलेटरच्या सेव्ह फोल्डरमध्ये ठेवा. शेपूट त्या एम्युलेटरला हवं तसं द्या, रेट्रोआर्कला ‘एसआरएम’ लागतं. मग गेम सुरू केलात की जिथे कधीतरी कन्सोल बंद केला होता, तिथूनच पुढे खेळता येतं.