कंचेभागुबेवचं भूत उतरवा आधी

फळ्यावर 'कंचेभागुबेव' (कंस, चे, भागाकार, गुणाकार, बेरीज, वजाबाकी) ही सहा अक्षरं लिहायची, वर्गाकडून दहादा घोकून घ्यायची आणि म्हणायचं, पदावली (चिन्हांनी जोडलेल्या संख्या सोडवणं) झाली. झाली कसली, डोंबल! लातूर-नांदेडच्या क्लासांत भरतीची पोरं पहाटे ग्राउंड मारून येतात आणि सराव पेपरात हे सोडवतात:

५/६ − १/२ + १/३

उत्तर काय? शून्य! कारण 'बे' आधी, 'व' मागून. १/२ आणि १/३ मिळून ५/६, ते ५/६ मधून गेलं, खेळ खलास. अरे, १/३ च्या आधी अधिक आहे, ते तुम्ही वजा कुणाला विचारून केलं? लसावि ६ घ्या, डावीकडून चला: ५ − ३ + २ = ४. म्हणजे ४/६, म्हणजे २/३. आणि पेपर काढणारा खुळा नाही, पर्यायात शून्य टाकलेलंच असतं.

बेरीज-वजाबाकी एकाच पायरीवर, भागाकार-गुणाकारही एकाच पायरीवर. डावीकडून जे आधी येईल ते आधी. 'भा' नेहमी आधी केला तरी उत्तर चुकत नाही, म्हणून तर हा घोटाळा खपून जातो. 'बे' आधी केली की बुडालाच.

त्यात 'चे'. "चे म्हणजे गुणिले" एवढं सांगून गुरुजी मोकळे.

१/२ ÷ ३/४ चे १/३

'चे' ला साधा गुणाकार समजून डावीकडून गेलं की २/९ येतं. पण 'चे' भागाकाराच्या आधी सोडवायचं असतं. पाऊण एकर म्हणजे ३० गुंठे, त्याचे १/३ म्हणजे १० गुंठे, पाव एकर. अर्ध्या एकरात पाव एकर दोनदा बसतं. उत्तर २! बांधावरच्या माणसाला हे तोंडी येतं, लेकरांना मात्र नुसती अक्षरं.

मोबाईलवर पेपर टाइप करणारे तर वेगळेच थोर. वर ४ + २, मधे लांब रेघ, खाली ३ + १. ती रेघ म्हणजे कंसच, उत्तर ३/२. हे लिहितात ४ + २/३ + १. झालं की १७/३! दोन कंस टाकायला बोटं झिजतात का? आणि वर ६ + ३, खाली ६ दिसलं की सहाला सहानं छाटून ३ उरवणारे... छाटायचे ते गुणाकारातले अवयव, बेरजेतली पदं नाही हो!

भागाकारात पहिलाच अपूर्णांक उलटा करणाऱ्यांबद्दल तर बोलायलाच नको.

पण अडीच गुणिले सव्वा? दोन एके दोन, अर्ध्याचा पाव १/८, उत्तर २ पूर्णांक १/८. अरे बाबा, अडीचला नुसतं एकानं गुणलं तरी अडीच राहतं, सव्वानं गुणून कमी कसं होईल? आधी ५/२ आणि ५/४ करा. २५/८, म्हणजे ३ पूर्णांक १/८. ज्या आज्याला अडीचकी (अडीचचा पाढा) पाठ होती, त्याला विचारा जाऊन.