‘सॉफ्टवेअर इंटिग्रेशन करतं, मग मुलांनी कशाला शिकायचं?’

सध्या फिरणारा मेसेज थोडक्यात असा: मॅथेमॅटिका, मेपल, मॅक्सिमा, सिम्पाय अशी अक्षरी गणित करणारी सॉफ्टवेअरं हाताशी असताना इंजिनिअरिंगच्या मुलांकडून इंटिग्रेशन (आलेखाखालचं क्षेत्रफळ काढण्याचं गणित) घोटून घेणं बंद करा. कॉम्प्युटर चुकत नाही, तो कुठलंही समीकरण सोडवतो आणि उत्तर दशांशात नाही, थेट सूत्रात देतो.

‘चुकत नाही’ यात दम आहे, हे आधी कबूल करतो. शार्ल दलोने या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञानं चंद्राच्या गतीची सूत्रं हातानं मांडायला दहा वर्षं घातली, तपासायला आणखी दहा. त्याचे दोन खंड १८६० आणि १८६७ मध्ये निघाले. १९७० मध्ये देप्री, हेनरार आणि रॉम यांनी तेच काम कॉम्प्युटरकडून सुमारे वीस तासांत करून घेतलं. दलोनेच्या चुका सापडल्या तीन, आणि त्यातल्या दोन पहिलीतूनच आलेल्या. (माझं तर चार ओळींत एक वजा चिन्ह हरवतं.)

पण आता हे बघा. १/(२ + कॉस क्ष) याचं ० ते २ पाय इंटिग्रेशन करायचंय. अनिश्चित इंटिग्रल (सीमा न घालता नुसतं सूत्र) मागितलं की पाठ्यपुस्तकात आणि बऱ्याच सॉफ्टवेअरांत मिळणारं सूत्र असं: (२/√३) गुणिले टॅन-इन्व्हर्स [टॅन(क्ष/२)/√३]. डेरिव्हेटिव्ह घेऊन ताडा, बरोबर येतं. आता सीमा टाका. दोन्ही टोकांना टॅन शून्य, म्हणून उत्तर शून्य. जे फंक्शन कुठेही १/३ च्या खाली जात नाही, त्याखालचं क्षेत्रफळ शून्य! खरं उत्तर २ पाय/√३, म्हणजे सुमारे ३.६३. गोम अशी की क्ष = पाय इथं टॅन(क्ष/२) अनंताकडे पळतो आणि सूत्र तिथं उडी मारतं. निश्चित इंटिग्रल थेट मागितलं तर आजची सॉफ्टवेअरं बहुधा हा खड्डा ओळखतात. ‘आधी सूत्र, मग सीमा’ करणारा विद्यार्थी मात्र त्यात सरळ जाऊन पडतो.

‘कुठलंही समीकरण सोडवतो’ ही तर थापच. ई चा उणे क्ष-वर्ग घात इंटिग्रेट करायला दिला की ‘एरर फंक्शन’ असं उत्तर येतं. म्हणजे काय, तर त्याच इंटिग्रलला ठेवलेलं नाव. साध्या लंबकाचा झोका मोठा झाला की एलिप्टिक फंक्शनं लागतात, म्हणजे पुन्हा खास नाव दिलेली फंक्शनं. एकाखाली एक असे दोन लंबक टांगले की त्यांच्या गतीची समीकरणं सॉफ्टवेअर क्षणात मांडून देतं. ती सोडवायला मात्र आकडेमोडच करावी लागते.

राहिला ‘उत्तर थेट सूत्रात’ हा दावा. अक्षरी सहगुणकांचं चतुर्घाती समीकरण सोडवायला सांगून बघा, पडदाभर वर्गमुळं येतील. तुळईचं डिझाइन करणाऱ्यानं त्यातून काय वाचायचं?

मी परीक्षेत लॅपटॉप उघडू देतो. फक्त पहिला उपप्रश्न असतो: बटण दाबण्याआधी उत्तर कोणत्या दोन संख्यांच्या मध्ये असणार, ते लिहा. वरच्या उदाहरणात फंक्शन १/३ आणि १ यांच्यामध्ये राहतं, म्हणून उत्तर २.०९ आणि ६.२८ यांच्यामध्ये. हे लिहिलेला मुलगा पुढच्या ओळीत शून्य उतरवताना थबकतो.