मॅक्रो लिहिणाऱ्या होतकरूंसाठी काही सूचना

प्रोग्रॅम चालताना करायचे काम कंपाइल होतानाच उरकून घेण्याची विद्या आपल्याला अवगत असेल, तर ती झाकून ठेवू नये. रस्ट या प्रोग्रॅमिंग भाषेतील प्रकल्पात गरज असेल तेथे, आणि गरज नसेल तेथे तर आवर्जून, प्रोसिजरल मॅक्रो, म्हणजे कंपाइल होताना चालून नवा कोड लिहून देणारा छोटा प्रोग्रॅम, लिहावा.

मॅक्रोने तयार केलेल्या सगळ्या कोडला एकच स्पॅन (कोड मूळ फाइलमध्ये कोठला, याची खूण) द्यावा, म्हणजे चूक कोठेही असली तरी कंपायलर मॅक्रोच्या नावाखालीच लाल रेघ ओढील.

मॅक्रोला सँडबॉक्स, म्हणजे इतरत्र हात घालू न देणारे कुंपण, नसतो, तेव्हा कंपाइल होता होता नेटवर्कवर फेरफटका मारण्यासही संकोच करू नये.

खरे कसब मात्र बाहेरची फाइल वाचण्यात आहे. मालवाहतुकीच्या दरांची सीएसव्ही फाइल मॅक्रोने गुपचूप उघडावी, दर थेट कोडमध्ये कोरावेत आणि आपण त्या फाइलवर अवलंबून आहोत, याचा कंपायलरला सुगावाही लागू देऊ नये. मग कोणी दर बदलून बिल्ड केले, की रस्टचे बिल्ड सांभाळणाऱ्या कार्गोच्या लेखी काहीच बदललेले नसल्यामुळे ‘फिनिश्ड’ हा हिरवा शब्द क्षणार्धात उमटतो आणि प्रोग्रॅम इमानेइतबारे जुनेच दर छापत राहतो. गेल्या आठवड्यात असाच एक वारसा माझ्या वाट्याला आला. दर तपासले, फाइलचा पाथ तपासला, नको त्या सहकाऱ्यावर संशय घेतला. अखेर जुने बिल्ड पुसून टाकणारे ‘कार्गो क्लीन’ केल्यावर नवे दर अवतरले. तयार होणाऱ्या कोडमध्ये त्याच फाइलसाठी ‘इन्क्लूड बाइट्स’ची, म्हणजे फाइल कोडमध्ये सामावून घेण्याची, ओळ घातली असती, तर कंपायलरने तिची नोंद ठेवली असती. एक ओळ! फाइलची फोड करणारा एवढा लांबलचक पार्सर लिहिताना न थकलेला हात नेमका तेथेच आखडला!

त्याच प्रकल्पात, डेटा बिघडला का ते तपासणाऱ्या सीआरसीच्या २५६ नोंदींच्या तक्त्यासाठीही वेगळा मॅक्रो होता. अहो, कंपाइल होतानाच चालू शकणारे कॉन्स्ट फंक्शन रस्टमध्ये डिसेंबर २०१८ पासून आहे, आणि ऑगस्ट २०२० पासून त्यात ‘इफ’ व ‘व्हाइल’ही चालतात. तेवढ्यात हा तक्ता बसतो, आणि चुकले तर एरर नेमक्या ओळीवर येते. मग मॅक्रो लिहिण्यासाठीच्या ‘सिन’ आणि ‘कोट’ या लायब्रऱ्यांचा हा डोलारा कोणावर छाप पाडण्यासाठी उभारला? प्रत्येक कोऱ्या बिल्डला तो कंपाइल होईपर्यंत ताटकळतो कोण? आम्हीच ना? फाइल वाचायचीच असेल, तर सरळ कंपाइल होण्याआधी चालणारी बिल्ड स्क्रिप्ट लिहा, तिच्यात फाइल बदलली की पुन्हा चालवायला सांगणारे ‘रीरन इफ चेंज्ड’ टाका, आणि ते जमत नसेल तर मॅक्रोला हात लावू नका.