आमची बावीस देते

काल पेट्रोल पंपावर मी एका सत्तरीच्या माणसाशी चक्क खोटं बोलले आणि मला त्याचं अजिबात वाईट वाटत नाहीये. परत वेळ आली तर परत बोलेन.

आमची गाडी २०१० ची. छोटी हॅचबॅक, ११०० सीसी, पेट्रोल. पुढचा डावा दरवाजा फक्त बाहेरून उघडतो, त्यामुळे पाहुण्यांना आधीच सांगून ठेवावं लागतं की उतरताना काच खाली करा आणि हात बाहेर काढून उघडा. गेल्या वर्षी पंधरा वर्षं पूर्ण झाली म्हणून आरटीओच्या चकरा मारून, पर्यावरण कर भरून तिचं रजिस्ट्रेशन पाच वर्षं वाढवून घेतलं. एवढे पैसे घातल्यावर आता विकवत नाही. शहरात ती इतकी वर्षं लिटरला बारा-साडेबारा किलोमीटर द्यायची, मी तेवढ्यावर समाधानी होते, आणि दिवाळीनंतर कधीतरी अचानक आठवड्याला टाकी मागायला लागली.

आपल्याकडे गाडी अ‍ॅव्हरेज 'देते', म्हैस दूध देते तशी. आणि आकडा सांगताना गाडीचे मालक हमखास पाणी घालतात. आमच्या सोसायटीत एकाची गाडी वीसच्या खाली देत नाही. मी सगळ्यांना विचारलं. अठरा, वीस, एकवीस, 'हायवेला तर चोवीस'. मोजलं कसं विचारलं की 'अंदाज येतो ना'. काट्याची अर्धी टाकी, मनातली अर्धी.

यात सगळ्यात चिडवणारी गोष्ट म्हणजे मी राहते पुण्यात, कोथरूडला. गाड्यांच्या जाहिरातीत खाली बारीक अक्षरात ज्या एआरएआयचं नाव असतं ना, ती गाड्यांची चाचणी घेणारी संस्था आमच्या गॅलरीतून दिसणाऱ्या टेकडीवरच आहे. लोक सकाळी तिथं फिरायला जातात, मोर बघतात. आणि तिथं गाडी कशी मोजतात, तर ती जागची हलत नाही. रोलरवर उभी करून चाकं फिरवतात, वेग कधी किती ठेवायचा ते ठरलेलं, एसी बंद. चुकीचं काही नाही त्यात, सगळ्या गाड्यांना एकच परीक्षा पाहिजे म्हणून तसं करतात, मला कळतं. पण त्या रोलरवर नळ स्टॉपचा सिग्नल लागत नाही. पौड फाट्याला उलट्या दिशेनं येणारा स्कूटरवाला लागत नाही. माझी गाडी कंपनीच्या कागदावर सतराच्या वर देते आणि त्याच टेकडीच्या पायथ्याशी कर्वे रोडवर, पहिला-दुसरा-पहिला-दुसरा करत, मला काय देते ते मी आता सांगणारच आहे.

ग्रुपवर विचारलं तर दहा मिनिटांत निकाल लागला की इथेनॉल. आता पंपावर २० टक्के इथेनॉल मिसळलेलं पेट्रोल मिळतं हे खरंय, आणि माझी गाडी ज्या काळातली आहे तेव्हा तिला असं काही पाजायचं कुणाच्या डोक्यात नव्हतं हेही खरंय. पण मी वही घेऊन बसले. लिटरला लिटर धरलं तर इथेनॉलमध्ये पेट्रोलपेक्षा साधारण एक तृतीयांश ऊर्जा कमी. म्हणजे २० टक्क्यांचा एक तृतीयांश, सहा-सात टक्के. नीती आयोगाच्या २०२१ च्या अहवालातसुद्धा जुन्या चारचाकींसाठी हाच सहा-सात टक्क्यांचा आकडा होता. साडेबारातून सात टक्के गेले तर साडेअकरा उरायला पाहिजेत. ठीक आहे, कारखान्याच्या उसाला तेवढं मी देते, आपलेच शेतकरी आहेत. (सांगायला नको, पण पेट्रोल त्याबद्दल एक रुपयानंही स्वस्त मिळत नाही मला. किलोमीटर कमी, भाव तोच. हा विषय इथंच सोडते, नाहीतर बीपी वाढतं.)

तर नक्की कळायला हवं म्हणून मी 'टाकी ते टाकी' करायचं ठरवलं. नोझल आपोआप बंद होईपर्यंत भरायचं, ट्रिप मीटर शून्य, मग आपली नेहमीची गाडी चालवायची, आणि पुन्हा त्याच पंपावर त्याच मशीनवर तसंच भरून किलोमीटर भागिले लिटर. एवढं सोपं. पुण्यात सोडून.

तीन आठवड्यांपूर्वी दुसऱ्यांदा टाकी भरायला गेले. ट्रिप मीटरवर २८७. पंपावरच्या मुलीला म्हटलं, "फुल कर, पण पहिल्यांदा कट झाला की थांब हं, नंतर एक थेंब नको." ती हो म्हणाली. ३०.४ लिटरला कट झालं. ३१६२ रुपये. आणि ती मुलगी बोटानं नोझल चेपत म्हणते, "मॅडम, ३२०० करू?"

"नको नको! नको ना!"

"राऊंड फिगर होईल."

"अगं मी क्यूआरनं देणारे! मला कशाला राऊंड फिगर?"

आणि मागून आवाज आला, "त्यांचं बरोबर आहे हो."

वळून बघते तर स्कूटरवर एक काका. हाफ शर्ट, कानटोपी (मार्च महिना!), हँडलला कोथिंबिरीची पिशवी. मला वाटलं माझं बरोबर आहे म्हणतायत. तर नाही, पंपवालीचं. "वर थोडं भरलं की हवा निघून जाते टाकीतली, पेट्रोल उडत नाही." मी सांगायला गेले की काका, उलट वरपर्यंत कोंबलं की जास्तीचं पेट्रोल वाफा शोषायच्या डब्यात शिरतं आणि तो खराब होतो, पण 'काका' एवढंच बोलून झालं, कारण काकांनी स्कूटर स्टँडला लावली होती.

स्कूटर स्टँडला लावणारा माणूस ओळखा. तो जात नसतो.

"अ‍ॅव्हरेज काढताय?"

"हो."

"किती निघालं?"

मी मोबाइलवर भागाकार केला. ९.४४. खरं सांगते, पोटात गोळा आला, आणि त्या धक्क्यात मी मोठ्यानं म्हणाले. शेजारच्या मशीनवरचा रिक्षावालासुद्धा वळून बघायला लागला.

"नऊ?" काकांना जो आनंद झाला ना. "अहो ताई, आमची सेम गाडी आहे. सेम मॉडेल. बावीस देते."

"शहरात?"

"शहरात."

"मोजलंय?"

"मोजायचं काय त्यात! दसऱ्याला टाकी भरली होती, अजून अर्धी आहे." मग स्वतःहूनच पुढे, "काढतच नाही मी. एवढ्या ट्रॅफिकमध्ये कोण काढणार? पेट्रोल किती जातं."

मी त्यांच्याकडे बघत राहिले. हा माणूस स्कूटरवर बसून, पार्किंगमध्ये कव्हरखाली झोपलेल्या गाडीचं अ‍ॅव्हरेज मला सांगत होता. आणि तर्क बघितला तर एका अर्थी अभेद्य आहे, गाडी वापरलीच नाही तर पेट्रोल जाणारच नाही, बावीस काय, बावीसशे म्हणा.

मग तपासणी सुरू झाली. पेट्रोल पहाटेच भरायचं, तेव्हा ते गार म्हणजे घट्ट असतं, जास्त मिळतं. (जमिनीखालच्या टाकीत असतं हो ते, त्याला पहाट आणि दुपार सारखीच.) उताराला न्यूट्रल करायचं. (इंजेक्शनच्या, म्हणजे कंप्युटरनं मोजून पेट्रोल सोडणाऱ्या गाडीत गिअरमध्ये ठेवून पाय काढला की पेट्रोल जवळजवळ बंदच होतं, न्यूट्रलमध्येच उलट इंजिन चालू ठेवायला लागतं, शिवाय ब्रेकवर सगळा भार.) नायट्रोजन भरता का? मी म्हटलं साध्या हवेतच ७८ टक्के नायट्रोजन असतो काका. त्यावर ते म्हणाले, "पण बाकीच्या २२ चं काय?" आणि याला माझ्याकडे उत्तर नव्हतं.

मागे चार गाड्या, हॉर्न चालू. पंपाची मुलगी माझ्याकडे बघतेय. काका गाडीभोवती प्रदक्षिणा घालतायत. डिकी उघडायला लावली. पाच लिटरचा पाण्याचा कॅन, सतरंजी, नर्सरीतून आणलेलं मातीचं पोतं, गेल्या गणपतीचा पाट, देऊ देऊ म्हणून राहिलेली रद्दी. "हे काय, बिऱ्हाड?" आता तीस-चाळीस किलोनं एखाद टक्का फरक पडतो फार तर, पण चार लोकांसमोर स्वतःची डिकी बघताना बाईमाणसाला जे वाटायचं ते वाटतंच.

आणि मग ते वाक्य आलं. मला माहिती होतं येणार. तेवीस वर्षं गाडी चालवतेय मी, ताम्हिणी घाटातून भर पावसात एकटी आलेय, हे वाक्य कधी चुकलं नाही.

"क्लचवर पाय ठेवून चालवता ना?"

"नाही."

"बायकांना सवय असते. कळत नाही त्यांना."

आमच्या घरात गाडी दोघं चालवतो. नवरा चालवतो तेव्हा कमी अ‍ॅव्हरेजला रस्ता जबाबदार असतो, मी चालवते तेव्हा पाय. गॅरेजमध्येसुद्धा पहिला प्रश्न 'गाडी कोण चालवतं?' मी चालवते म्हटलं की मिस्त्री एक बारीक 'हं' करतो आणि त्या 'हं'मध्ये पूर्ण निदान असतं. जानेवारीत याच 'हं'नंतर मी प्लग, एअर फिल्टर, इंजेक्टर क्लीनिंग असे सगळे मिळून ५८०० रुपये दिले होते आणि अ‍ॅव्हरेज ढिम्म हललं नव्हतं. प्लग तर एक वर्षापूर्वीच बदललेले. त्याबद्दल मी इथं रडत नाही, पण ५८०० म्हणजे पन्नासेक लिटर पेट्रोल येतं.

असो. काका टायरला लाथा मारत होते. हवा बघायची ही अधिकृत पद्धत. पुढच्या डाव्या चाकापाशी वाकले, रिमला हात लावला आणि ओरडले, "आई गं!"

बोटं तोंडात घालून फुंकत उभे. "तापलंय किती हे! पापड भाजेल!"

मी जाऊन उजव्या चाकाजवळ हात नेला. कोमट. डाव्याजवळ नेला. चटका. आणि जळका वाससुद्धा, जो मी महिनाभर पुढच्या पीएमटी बसचा समजत होते.

"बघा," काका म्हणाले, "क्लच दाबून चालवता म्हणून चाक तापलं."

क्लचचा आणि एकाच चाकाच्या तापण्याचा काडीचा संबंध नाही. ब्रेक जाम होता. म्हणजे मी महिनोन्‌महिने कर्वे रोडवरून एका चाकाचा ब्रेक अर्धवट दाबलेल्या अवस्थेत जात होते आणि इंजिन बिचारं त्याला ओढत होतं. एका क्षणात कळलं. आणि कळलं कुणामुळे, तर या माणसामुळे, ज्याचं त्या पंधरा मिनिटांतलं एक वाक्य बरोबर नव्हतं. फक्त बोट बरोबर पडलं.

दुसऱ्या गॅरेजला गेले. मिस्त्री तरुण पोरगा, त्यानं 'हं' केलं नाही. गाडी जॅकवर घेऊन उजवं चाक हातानं फिरवलं, ते फिरत राहिलं. डावं फिरवलं, पाव फेरा झाला की थांबलं. ब्रेक पॅड दाबणाऱ्या कॅलिपरच्या पिना गंजून जाम, आतला ब्रेक पॅड कागदासारखा. पिना साफ करून ग्रीस, नवीन पॅड. हवा २४ होती, पाहिजे ३०. मग टेस्ट ड्राइव्ह मारून आला आणि म्हणाला, "मॅडम, टेंपरेचरचा काटा वर येत नाही का कधी?" मी कौतुकानं सांगितलं की नाही, दोन वर्षं झाली, एवढ्या उन्हाळ्यात पण काटा खालीच, गुणी आहे ती. तो हसला. आधीच्या मिस्त्रीनं 'गाडी आता कधी गरम होणार नाही' म्हणून इंजिन गरम होईपर्यंत कूलंट अडवून धरणारा थर्मोस्टॅटच काढून ठेवला होता. त्यामुळे इंजिनाला गरम व्हायलाच मिळत नव्हतं, आणि गाडीच्या कंप्युटरला वाटत होतं की ही आत्ताच थंडीची उठलीय, पाज अजून पेट्रोल. आमच्या घरात एक आजी होत्या, मे महिन्यात नातवंडांना स्वेटर घालायच्या, तसं. त्यात माझ्या फेऱ्या तीन-चार किलोमीटरच्या. गाडी कधी तापतच नसणार, मी आपली काट्याचं कौतुक करतेय. नवा थर्मोस्टॅट, कूलंट, ब्रेक, सगळं मिळून पहिल्या मिस्त्रीच्या अर्ध्यात झालं.

डिकी रिकामी केली. मातीचं पोतं ठेवलं, ते दुसऱ्या मजल्यावर कोण नेणार. नळ स्टॉपला सिग्नल मोठा असला की इंजिन बंद करते. मागचे हॉर्न मारतात, मारू देत.

आणि काल, त्याच पंपावर, त्याच मशीनवर टाकी भरली. ३४० किलोमीटर, २८.७ लिटर. ११.८५. इथेनॉल वजा करून जेवढं यायला हवं होतं त्यापेक्षा जराशी जास्तच. मी मनातल्या मनात नाचले. त्या मुलीनं या वेळी ३००० करू का असंही विचारलं नाही, कट झाल्यावर लगेच नोझल काढलं, मला वाटतं तिच्या लक्षात असणार.

तर मागून आवाज. कानटोपी. कोथिंबिरीऐवजी मेथी.

"काय ताई, किती निघालं आता?"

आता इथं खरं सांगायला हवं होतं. काका, तुमच्यामुळे ब्रेक कळला, आभारी आहे, बोट कसं आहे? वाक्य तयार होतं माझ्याकडे. पण ते चेहऱ्यावर आधीच समाधान घेऊन उभे होते, आणि मला दिसत होतं की उत्तर काहीही असलं तरी ते सोसायटीत जाऊन सांगणार की एका बाईंना क्लचवरचा पाय काढायला शिकवला.

"तेवढंच," मी म्हटलं. "नऊच."

काकांनी मान हलवली. खूप वेळ हलवली.

"क्लच," ते म्हणाले आणि स्कूटर स्टँडला लावायला लागले.