कास पठारावर मोजायचे काय?

साताऱ्यात राजवाड्याजवळच्या कट्ट्यावर काल कासच्या फुलांच्या पठाराचा विषय निघाला आणि अण्णांनी नेहमीचा आकडा पुढे केला. दिवसाला ३००० पर्यटकांची मर्यादा आहे, आगाऊ नोंदणी आहे, शुल्क आहे. मग पठाराचे नुकसान होतेच कसे, असा त्यांचा सवाल होता. कासच्या वाटेवर त्यांचे हॉटेल आहे. सप्टेंबर जवळ आला की प्रत्येक फुलात त्यांना भरलेली खोली दिसते.

“अण्णा, तुम्ही डोकी मोजता. फुले पायांखाली मरतात,” वहिनी म्हणाल्या. त्यांनी वनस्पतिशास्त्र शिकवण्यात आयुष्य घालवले आहे आणि माझ्या मते मुद्द्याला हात त्यांनीच घातला. जांभ्या खडकावर मातीचा थर जेमतेम. सीतेची आसवं, गेंद, तेरडा ही बहुतेक एका पावसाची झाडे. बी पडण्याआधी तुडवली गेली, तर त्या जागी पुढच्या वर्षासाठी नवे बी पडतच नाही. शिवाय ओल्या जमिनीचे बरेचसे नुकसान पहिल्या काही पावलांतच होऊन जाते. त्यामुळे मळलेल्या वाटेने हजार माणसे गेली तरी नवे नुकसान थोडे होते, पण फोटोसाठी कोऱ्या जागेत शिरलेली पन्नास माणसे पुष्कळ बिघडवतात. म्हणून वाटांची रुंदी, मातीचा घट्टपणा आणि आखलेल्या चौकटींमधली रोपे दरवर्षी मोजली पाहिजेत, हे त्यांचे म्हणणे मला पूर्णपणे पटते. २०१२ साली जागतिक वारशाच्या यादीत नाव आले, गर्दी वाढली, आणि आपण अजून तिकिटेच मोजत आहोत.

तात्यांचे दुखणे वेगळे होते. “कुंपण घातले तेव्हा आमची गुरे गुन्हेगार ठरली. चराई थांबली, गवत माजले, बारकी फुले दबली, मग तेच कुंपण काढावे लागले. तेव्हा आम्हाला कोणी विचारले होते?” गुरे चरलेल्या आणि न चरलेल्या चौकटीही शेजारी शेजारी ठेवून पाहायला हव्यात, असे वहिनींनी लगेच मान्य केले.

तेवढ्यात तात्यांना अण्णांच्या मुलाच्या लग्नाआधीचे फोटो आठवले. त्यासाठी जीप थेट पठारावर चढवली होती.

“एकच गाडी होती!” अण्णा उसळले.

“आणि चाके?” वहिनींनी विचारले. त्यावर असा हशा पिकला की अण्णांचे उत्तर कोणालाच ऐकू आले नाही.