मस्टरवर नऊ नावे असली की ईएसआय लागत नाही?

कुपवाड आणि मिरजेच्या औद्योगिक वसाहतीतील लहान कारखानदारांमध्ये एक संदेश फिरतो आहे. मस्टरवर दहापेक्षा कमी नावे ठेवा, ठेकेदाराची माणसे मोजत नाहीत, माणसे किती होती हे सिद्ध करणे सर्वस्वी कर्मचारी राज्य विमा महामंडळाचे काम आहे आणि संख्या घटली की अंशदान (विम्याचा हप्ता) आपोआप थांबते, असा त्याचा आशय. 1948 च्या कर्मचारी राज्य विमा (ईएसआय) कायद्याखालील थकबाकीच्या वादांत यातील एकच विधान अर्धेमुर्धे टिकते. 21 नोव्हेंबर 2025 पासून या कायद्याची जागा सामाजिक सुरक्षा संहिता, 2020 ने घेतली आहे; पुढे दिलेली कलमे, मुदती आणि रकमेच्या अटी 1948 च्या कायद्यातील आहेत.

पहिले मस्टरचे. मागील बारा महिन्यांत कोणत्याही एका दिवशी दहा किंवा अधिक व्यक्ती वेतनावर कामाला होत्या का, एवढेच कारखान्याची व्याख्या विचारते. त्यामुळे दिवाळीच्या घाईत चार दिवसांसाठी बोलावलेले रोजंदार मोजणीत येतात, आणि दरमहा 21,000 रुपयांहून अधिक पगार घेणारा फोरमन विम्याबाहेर राहिला तरी 'व्यक्ती' म्हणून मोजला जातो. मात्र पगार घेणारा भागीदार कर्मचारी ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने रामानुज मॅच इंडस्ट्रीजच्या प्रकरणात सांगितले आहे. नऊ-दहाच्या काठावरच्या भागीदारी पेढीला हा मुद्दा तारू शकतो. संदेश लिहिणाऱ्याला नेमका तोच ठाऊक नाही.

ठेकेदाराबद्दलचे विधान सरळ चूक आहे. कारखान्याच्या आवारात कारखान्याचेच काम करणारा माणूस ठेकेदारामार्फत आला, तरी कलम 2(9) त्याला कर्मचारीच मानते.

खरा वाद पुराव्याचा आहे. तपासणी अहवालात केवळ 'बारा माणसे आढळली' एवढेच लिहिलेले असेल, नावे नसतील, कामाचे स्वरूप नसेल, मालकाच्या प्रतिनिधीची सही नसेल, तर असा अहवाल उलटतपासणीत लंगडा पडतो. संदेशातील अर्धे सत्य ते हेच. परंतु नोंदवह्या ठेवण्याचे आणि दाखवण्याचे कर्तव्य मालकाचे आहे, आणि त्या दाखवल्या नाहीत तर कलम 45-अ नुसार उपलब्ध माहितीवरून अंशदान ठरवता येते. हॅरिसन्स मल्याळम प्रकरणात (1993) सर्वोच्च न्यायालयाने असे अंदाजी निर्धारण मान्य केले, कारण ठेकेदाराकडून कामगारांचा तपशील मिळवणे मालकाच्या हाती होते. शिवाय मस्टर गप्प बसले तरी रोकडवही बोलते. मस्टरवर आठ नावे आणि मजुरी खात्यात चौदा जणांना पुरेल इतका खर्च, अशी विसंगती मालकाला स्वतःच्याच कागदांपुढे उभी करते. नुसत्या रकमेवरून डोकी मोजता येत नाहीत, हा बचाव रास्त आहे. पण तो व्हाउचर, ठेकेदाराची बिले आणि हजेरी समोर ठेवूनच करता येतो, कपाट बंद ठेवून नाही.

संख्या घटल्याने सुटका होते, हे विधान 20 ऑक्टोबर 1989 पासून लागू झालेल्या कलम 1(6) ने केव्हाच निकालात काढले. एकदा कायदा लागू झाला की माणसे कमी झाली तरी तो लागूच राहतो. राधिका थिएटरच्या 2023 च्या निकालात हे पुन्हा स्पष्ट झाले.

45-अ चा आदेश हाती पडल्यावर महामंडळाकडेच अपील करायचे तर साठ दिवसांची मुदत आहे आणि आदेशातील अंशदानाच्या किमान 25 टक्के रक्कम आधी भरावी लागते. कर्मचारी विमा न्यायालयात अंशदानाचा वाद नेणाऱ्या मालकाला मागणीच्या 50 टक्के रक्कम जमा करावी लागते. ती कमी किंवा माफ करण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, पण त्यासाठी त्याला कारणे नोंदवावी लागतात.