सातबाऱ्यावरचे नाव आणि गळून गेलेली तीन अक्षरे

आमच्या वडिलोपार्जित जमिनीच्या वादात गेली चार वर्षे मी एकच वाक्य ऐकतो आहे: "सातबारा आमच्या नावावर आहे, मग तुमचा हक्क आला कुठून?" हे म्हणणारा माझा चुलतभाऊ आहे आणि तो खोटे बोलत नाही. सातबाऱ्यावर खरोखरच थोरल्या काकांचे एकट्याचे नाव आहे. प्रश्न ते नाव तिथे कशामुळे लागले हा आहे, आणि त्याचे उत्तर सातबाऱ्यात नसते. ते फेरफारात, म्हणजे नाव कधी व कशाच्या आधारे बदलले याच्या नोंदीत असते.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 157 नुसार अधिकार अभिलेखातील, म्हणजे सातबाऱ्यासारख्या महसुली कागदातील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते, एवढेच. सारा कोणाकडून वसूल करायचा यासाठी ठेवलेल्या या नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि संपतही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. तरीही गावात सातबारा हाच शेवटचा शब्द समजला जातो आणि निम्मी भांडणे तिथेच हरली जातात, कारण ज्याचे नाव नाही तो मागचे कागद काढायलाच जात नाही.

मीही बराच काळ गेलो नव्हतो. शेवटी तालुक्याच्या अभिलेख कक्षात अर्ज करून आजोबांच्या मृत्यूनंतरच्या, 1961 सालच्या वारस फेरफाराची नक्कल मिळवली. मजकूर चार ओळींचा होता: खातेदार मयत, वारस मुलगे तीन व मुली दोन, सर्व एकत्र राहत असल्याने थोरल्या मुलाचे नाव ए.कु.मॅ. म्हणून दाखल करावे अशी वर्दी दिल्यावरून नोंद केली. ए.कु.मॅ. म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. म्हणजे काकांचे नाव मालक म्हणून नव्हे, तर सगळ्यांच्या वतीने लागले होते. पुढे हस्तलिखित सातबारा एका वहीतून दुसऱ्या वहीत उतरवताना ही तीन अक्षरे कुठेतरी गळाली आणि संगणकावर आला तो फक्त काकांचा सातबारा. हे कोणी मुद्दाम केले असे मी म्हणत नाही. कंटाळलेल्या हाताने उतरवून घेताना असे होत असावे. पण त्या तीन अक्षरांवर आमच्या तीन घरांचे संबंध उभे होते.

निव्वळ लेखनप्रमाद असेल तर त्याच अधिनियमाच्या कलम 155 खाली तहसीलदारांकडे दुरुस्ती मागता येते. समोरच्याने मालकीच नाकारली, तर मात्र दिवाणी न्यायालयाशिवाय गत्यंतर नाही. तिथे साखळी जुळवावी लागते: आजोबांच्या नावाचा जुना उतारा, वारस फेरफार, वंशावळ, आणि जुना सर्व्हे नंबर आजच्या कोणत्या गट नंबरात गेला हे दाखवणारा, जमिनीच्या एकत्रीकरण योजनेचा उतारा. हा शेवटचा कागद नसला, की "तुम्ही म्हणता ती जमीन हीच कशावरून?" या एका प्रश्नावर भला दावा अडकतो. आमच्या वकिलांनी पहिल्या भेटीत तोच मागितला आणि तोच आमच्याकडे नव्हता.

"साठ वर्षे आम्हीच कसतो" हा चुलतभावाचा दुसरा मुद्दा. पण सहहिस्सेदाराचा ताबा हा कायद्याने सर्वांच्या वतीने असलेला ताबा मानतात. इतरांचा हक्क उघडपणे नाकारून बारा वर्षे गेल्याचे सिद्ध केल्याखेरीज नुसत्या वहिवाटीने तो एकट्याचा होत नाही. आमच्याकडे तर 2012 पर्यंत दरवर्षी भाताची पोती यायची, आणि पोती देणाराच हिस्सा मान्य करत होता.

आता आत्यांविषयी, ज्यांचे नाव दोन्ही बाजूंच्या तोंडी येत नाही. "साडी-चोळी घेऊन त्यांनी हक्क सोडला आहे" असे आमच्या बाजूचे लोकही सहज बोलून जातात, याची मला लाज वाटते. नोंदणीकृत हक्कसोडपत्र नसेल तर असे तोंडी सोडणे कायद्यात टिकत नाही. हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीने मुलगी जन्मतःच सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मालमत्तेत मुलासारखीच हिस्सेदार ठरली, आणि त्यासाठी ती दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, 9 सप्टेंबर 2005 रोजी, वडील हयात असण्याची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 11 ऑगस्ट 2020 च्या निकालात स्पष्ट केले आहे. फेरफारात "मुली दोन" असे लिहिलेच आहे; जो कागद माझा हक्क सांगतो तोच त्यांचाही सांगतो.

म्हणून दाव्यात दोन्ही आत्यांना पक्षकार करण्याचा आग्रह मी धरला. धाकट्या भावाला ते पटलेले नाही; त्याच्या मते आपलाच हिस्सा आपण कमी करून घेतो आहोत. थोरल्या आत्याला नक्कल वाचून दाखवली, तेव्हा तिने एवढेच विचारले, "माझं नाव लिहिलंय का त्यात?" नाव नव्हते. फक्त आकडा होता.